इस्तारी बांबोळेच्या मरणाचा निरोप

१

इस्तारी बांबोळे मेला, ही बातमी खुद्द इस्तारी बांबोळेला नागपुरात कळली.

शहाऐंशी सालचा फेब्रुवारी होता. गुरुवारी दुपारी तो पत्र्याची पेटी खांद्यावर घेऊन शहराबाहेरच्या एका जुन्या कोठीच्या फाटकात शिरला. त्या कोठीत मुंबईचे लोक टीव्हीसाठी तेरा भागांची मालिका करत होते, आणि तिच्यात जंगल-ठेकेदाराच्या दिवाणजीचं काम इस्तारीला मिळालं होतं. काम चांगलं दांडगं होतं, ठेकेदाराच्या खालोखाल दिवाणजीच. पण इस्तारीला पाहिल्याबरोबर रंग लावणाऱ्या बाईच्या हातातली डबी खाली पडली. दिव्यांच्या वायरी ओढणारा माणूस "अरे बाप रे" म्हणत मागं सरला. आणि अंगणात, काळी टोपी, लांब कोट, कानावर लेखणी अशा थाटात, दिवाणजी खुर्चीवर बसलेलाच होता. टोपीखालचं तोंड मुखरू भोयरचं होतं.

मुखरू हा इस्तारीच्याच गावचा, मूल गावाजवळच्या चिखलबोडीचा, ढिवराचा, मासेमाराचा पोरगा. लहानपणापासून दोघं एका मांडवात नाटकं करत आलेले. या मालिकेत मुखरूला काम होतं ते दिवाणजीच्या मागं कंदील धरून चालणाऱ्या गड्याचं. तो उठला, इस्तारीच्या दंडाला हात लावून पाहिला आणि ढसाढसा रडायला लागला.

"तू त मेला होतास ना बे!"

दिग्दर्शक मुंबईचा, बोलायला मोजका. त्यानं इस्तारीला पाणी दिलं आणि काय झालं ते सांगितलं. गेल्या आठवड्यात बुधवारी इस्तारीचे नागपुरात राहणारे भाटवे, म्हणजे बहिणीचे यजमान, स्वतः कोठीवर आले होते. इस्तारी गेला, माती पण झाली, असं सांगताना त्यांना हुंदका आवरत नव्हता. सगळ्यांनी उभं राहून दोन मिनिटं शांतता पाळली. पण काम थांबवणं शक्य नव्हतं. समोर मुखरू होता, दिवाणजीचे कपडे त्याला चढवले, आणि आता काही प्रसंग घेऊनही झाले.

"पन मी जिवंत हावो ना, साहेब."

"ते दिसतंय. मग हे कुणी केलं?" दिग्दर्शकानं एकदा मुखरूकडं पाहिलं. "असं करू. सोमवारपर्यंत दिवाणजीचे प्रसंग थांबवतो. हा निरोप मुखरूनं घडवून आणला असेल, तर तो घरी जाईल आणि काम तुम्ही कराल. त्याचा हात नसेल, तर निरपराध माणसाला मी काढणार नाही. आणि नुसती शंका राहिली तर दोघंही नकोत. मुंबईहून तिसरा आणतो."

इस्तारीनं मुखरूकडं पाहिलं. मुखरूनं मान खाली घातली होती.

२

वामनराव वाळके पोलिसात जमादार म्हणून निवृत्त होऊन चिखलबोडीत राहत होते. एटापल्लीपासून मुलचेऱ्यापर्यंत सगळ्या ठाण्यांचं पाणी पिऊन झालेलं. आता गुडघे बोलायला लागले होते आणि स्वभाव मुळातच तिरसट. चहा पिताना मध्ये कुणी बोललं तर त्यांचं डोकं फिरत असे. शुक्रवारी सकाळी इस्तारी आणि त्याचे वडील सोमाजी अंगणात आले, तेव्हा वामनरावांच्या हातात नेमकी कपबशी होती. दोघं गुपचूप उभे राहिले. गावाला सवय होती.

कप खाली ठेवून वामनराव म्हणाले, "बोला आता. ऐकलं मी थोडंसं. मेलेला मानूस माह्या अंगनात पहिल्यांदाच आला."

"मजाक करू नका, जमादार," इस्तारी म्हणाला. "माहं काम गेलं."

वामनरावांना ते काम काय होतं, हे चांगलं माहीत होतं. इस्तारीची सगळी कारकीर्द गावानं डोळ्यांपुढं पाहिली होती. दिवाळी ते होळी त्याचं नाटक, बाकीचे महिने धानाची शेती. एकोणऐंशी साली जंगलात एका सिनेमाचं शूटिंग झालं, त्यात तो झाडावर चढला होता. सिनेमा मूलच्या टॉकीजमध्ये लागला तेव्हा बैलगाड्या भरून गाव गेलं, आणि पडद्यावर दिसले ते फक्त त्याचे पाय. पुढं टीव्हीवर, शेतीच्या कार्यक्रमात, खोडकिडीबद्दल विचारणारा शेतकरी झाला. मग एका छोट्या टीव्ही-नाटकात पोस्टमन, एक वाक्य. पंचायतीच्या टीव्हीपुढं गाव बसलं आणि ऐन वाक्याला लाइन गेली. तरी इस्तारी हरला नाही. पस्तिशी उलटता उलटता हा दिवाणजी त्याच्या वाट्याला आला होता. असं काम पुन्हा येणार नव्हतं, हे त्यालाही कळत होतं आणि गावालाही.

"पोलिसात जा ना," वामनराव म्हणाले.

"गेल्तो. ठानेदार म्हने, जित्या मानसाच्या मरनाले कोनतं कलम लावू?"

वामनराव हसले नाहीत. त्यांनाही कलम आठवेना.

"तू होतास कुठी इतके दिवस?"

"एटापल्लीले. तिथल्या लाकडाच्या डेपोत एक जुना मुनीम हाये. तो कसा बसते, पान कसा खाते, मजुरायवर कसा खेकसते, ते पाहाले गेल्तो. मांग्या हप्त्यात सोमवारी बाबुलालच्या ट्रकनं गेलो. आता तिथूनच एसटीनं सिद्दा नागपूरले. मोटार लेट झाली म्हनून बहिनीकडं बी नाई गेलो."

"अन् तुह्या बहिनीले निरोप कोनं देल्ला?"

"काल कोठीवरून गेल्तो तिच्याकडं. भाटवे म्हनते, त्याच मंगळवारी सांजच्याले एक ट्रकवाला आला, निरोप देल्ला अन् गेला. पुढं काई सांगतच नाई. तोंडाले कुलूप." इस्तारीचा आवाज चढला. "यात पाहाचं काय हाये, जमादार? काम कोनाले भेटलं? मुखरूले. त्याच्या मासोळ्या ट्रकनं नागपूरले जातेत. सांगा ना तसं साहेबाले!"

"मुखरू नाई," सोमाजी म्हणाले.

ते इतका वेळ बोललेच नव्हते. सोमाजी बांबोळे म्हणजे गावातला वजनदार माणूस. छप्पन साली नागपूरला जाऊन दीक्षा घेतलेले, विहाराचे अध्यक्ष. देवदेव, अंगारे, मांत्रिक, कुणाचीही भीड न ठेवता झोडून काढणारे. शब्द खाली पडू न देणारा हा माणूस आज जमिनीकडं पाहत बोलत होता.

"तुमाले कसं ठावूक?" इस्तारीनं विचारलं.

"मुखरू नाई. त्या पोराचं नाव काढू नको."

३

मुखरू तळ्याच्या पाळीवर जाळं विणत बसला होता. प्रसंग थांबले म्हणून तोही गावी आला होता. वामनराव त्याच्याशेजारी बसायला वाकले, गुडघा कडकन वाजला, त्यांनी गुडघ्याला एक शिवी दिली आणि बसले.

"मुखरू, तुह्या मासोळ्या नागपूरले कोन नेते?"

"बाबुलाल. साऱ्यायलेच ठावूक हाये जी."

"दोस्त मेला आयकलं, अन् घरच्यायच्या भेटीले बी नाई. गावात पाय नाई टाकला तू."

मुखरूची सुई थांबली. "साहेब सोडे नाई. अन् खरं सांगू काय, काकाजी? सोडलं असतं तरी आलो नसतो. अंगावर त्याचा कोट घातला होता. मनकर्णावैनीपुढं कोन्या तोंडानं उभा राहू?"

"काम कसं झालं?"

मुखरूनं जाळ्याची एक गाठ घट्ट ओढली.

"चांगलं झालं. तेच त वाईट वाटते. पयल्या दिवशी रडतच उभा राहिलो, पन साहेब 'चालू' म्हने अन् माह्यात काय शिरलं कोन जाने. आजवर मी इस्तारीच्या मांगंच उभा राहिलो. राजा तो, परधान मी. दिवाणजी तो, कंदीलवाला मी. आता मले ते काम पायजे, काकाजी. खोटं काऊन बोलू? पन त्याच्यासाठी मी त्याले मारीन काय?"

वामनरावांनी उभ्या आयुष्यात पुष्कळ खोटारडे पाहिले होते. चोर माणूस 'मला नको होतं' म्हणतो. हा सरळ 'पाहिजे' म्हणत होता. पण असं वाटणं म्हणजे पुरावा नव्हे, आणि सोमवारी दिग्दर्शकापुढं वाटणं चालणार नव्हतं.

तेवढ्यात पाळीवरून इस्तारी धापा टाकत आला.

"जमादार, चला! बाबुलालचा ट्रक मूलले उभा हाये. चहावाल्याले तो बोल्ला म्हने. निरोप त्यानंच नेला!"

मुखरूच्या हातातलं जाळं गळून पडलं.

४

बाबुलाल एटापल्लीहून सागवान भरून नागपूरला न्यायचा. मूलच्या बसस्टॉपसमोर, ट्रकच्या सावलीत, तो भज्यांचा पुडा घेऊन बसला होता. वामनरावांना पाहून उठला. इस्तारीला पाहून मात्र त्यानं हात जोडले, आणि त्याच्या तोंडावर चक्क आनंद दिसला.

"कैसा है भाऊ? बरा हायेस ना?"

"बरा काऊन नसन बे?" इस्तारी अंगावर धावला. "तूच निरोप नेला ना?"

"नेला."

इतक्या सरळ कबुलीची वामनरावांनाही अपेक्षा नव्हती. त्यांनी इस्तारीला मागं ओढलं.

"बाबुलाल, सोमवारी याले एटापल्लीले कोनं सोडलं?"

"म्याच सोडलं. डेपोच्या फाटकात."

"म्हंजे हा जिवंत हाये, हे तुले ठावूक होतं."

"था ना साब."

"अन् दुसऱ्या दिवशी त्याच्या बहिनीच्या दारात उभा राहून हा मेला म्हनून सांगतलं. ते बाई तुह्यापुढं ऊर बडवत रडली असन."

बाबुलालनं भज्यांचा पुडा बाजूला ठेवला. त्याचे डोळे खरंच पाणावले. "बहोत रोई, साब. मले बी रडू आलं."

"कोनं सांगतलं होतं तुले?"

"ते नाई सांगत. शपथ हाये गळ्याची. मारायचं त मारा, ठान्यात न्यायचं त न्या. पन म्या पाप नाई केलं. उलट..."

"उलट काय?"

बाबुलालनं जीभ चावली. गाडीत चढला, दार लावलं आणि इंजिन सुरू केलं. ट्रक हलता हलता इस्तारी ओरडला, "मुखरूचंच नाव लपवते! दुसरं कोन हाये?"

वामनराव मात्र त्या एका 'उलट'पाशीच अडकले. पाप नाही, उलट पुण्य. चांगलाचुंगला माणूस जिवंत माणसाच्या मरणाचा निरोप पुण्य समजून कधी पोचवतो? वामनरावांना त्याचं उत्तर माहीत होतं. त्यांच्या स्वतःच्या आत्यानं तसला निरोप एकदा धाडला होता. पण त्यांनी तो विचार झटकून टाकला. बांबोळ्यांच्या घरात असलं काही होणं शक्यच नव्हतं.

५

शनिवारी ते बांबोळ्यांकडं गेले. सोमाजी विहारात होते. इस्तारीची बायको मनकर्णा धान पाखडत होती. आणि रुखमा, इस्तारीची नागपूरची बहीण, कालच येऊन पोचली होती. भावाचं काम गेलं हे ऐकून तिला चैन पडलं नव्हतं.

"मनकर्णा, तुह्यावर बी लोकायचा डोळा हाये," वामनराव म्हणाले. "या कामापायी तो मुंबईले जाईन म्हनून तू घरात भांडन केलतंस."

"केलतं ना," मनकर्णा सूप आपटत म्हणाली. "मुंबईले गेला मानूस वापस येते काय? आताबी भांडीन. पन माह्या मालकाच्या मरनाचा निरोप मी धाडीन? जीभ झडन ना माही! मले त हे गुरुवारी घरी आले तवाच समजलं, का हे मेले होते."

"ज्या दिवशी तो एटापल्लीले गेला, त्या दिवशी काई झालं होतं काय घरी? कोनी आलं, भांडलं?"

"काईच नाई. अंगनात मुखरूभाऊनं देल्लेल्या मासोळ्या वाळत होत्या. कावळ्यायनं नुसता उच्छाद मांडला होता. हे तिथंच दिवाणजीचे शब्द पाठ करत फिरत होते. मी चुलीपाशी होती. बाहेर येऊन पाहातो त मामाजी यायच्या डोक्शावर घागर रिचवून राह्यले, कपड्यानिशी! मी म्हटलं, आत्ताच त न्हाले हे. मामाजी काई बोल्लेच नाई. हे हासत होते नुसते."

वामनरावांनी मान हलवली. आता तो विचार पुन्हा आला, आणि या वेळी त्यांना तो झटकता येईना.

"अन् ही?" त्यांनी रुखमाकडं बोट केलं. "ही त्या बुधवारी आलती काय गावात?"

रुखमा काही म्हणायच्या आत मनकर्णाच बोलली, "आलती ना. मामाजीसंगच फाट्यावरून आली. दुपारी जेवली अन् लगेच गेली. बोल्ली चांगली, हासली. डोळे तेवढे सुजले होते. म्हने मोटारीत धूळ गेली."

रुखमाचा चेहरा पांढरा पडला.

"रुखमे," वामनराव सावकाश म्हणाले, "भाऊ मेल्याचं तू मंगळवारी आयकलं. बुधवारी माहेरी आली. आपल्या इकडं असं मरन आयकलेली बहीन फाट्यावर उतरल्याबरोबर हंबरडा फोडते. अर्धं गाव धावत येते. तुहं रडनं गावात कोनीच नाई आयकलं. काऊन?"

रुखमानं पदर तोंडात घेतला. तिची नजर विहाराच्या वाटेकडं गेली, आणि वामनरावांना आणखी काही विचारायची गरज उरली नाही.

त्या वाटेवर पाय टाकायला मात्र त्यांना अजिबात धीर होईना. तीस वर्षांचा दोस्त होता तो.

६

विहाराच्या पायरीवर सोमाजी बसले होते. वामनराव आले, मागून इस्तारी आला.

"भाऊ," वामनराव म्हणाले, "मी बोलतो. चुकलं त थांबव."

सोमाजींनी थांबवलं नाही.

"बाबुलाल म्हने, पाप नाई केलं, उलट. असा निरोप आपल्याकडं एकाच कामासाठी धाडतेत. कोनाच्या डोक्यावर कावळा बसला, का ते मरनाचं लक्षन समजतेत. मंग दूरच्या नातलगाले खोटाच निरोप जाते, का हा मेला. ते खरं समजून रडतेत, अन् त्या रडन्यानं मरन टळते म्हनतेत. ज्याले कळवलं त्याले खरं आधी सांगाचं नसते, म्हनून नेनाऱ्याले शपथ. माह्या ध्यानात हे कालच आलं होतं. पन मी म्हटलं, बांबोळ्याच्या घरात कावळ्याले कोन विचारते? तिथंच माही चूक झाली."

इस्तारीच्या कपाळावर आठ्या आल्या. हात आपोआप डोक्याकडं गेला. "बसला होता... त्या दिवशी. मासोळ्यायवरून उडाला अन् टकुऱ्यावर बसला. मी त हासलो होतो."

"तू हासलास. दुसऱ्या कोनं पाहिलं? मनकर्णा आत होती. अंगनात फकस्त तुहा बाप होता, अन् त्यानं तुले कपड्यानिशी आंघोळ घातली. रुखमा गावात रडत आली नाई, म्हंजे तिले फाट्यावरच कोनीतरी गप केलं, खरं सांगतलं. ती घरी कोनासंगं आली? अन् काल माह्या अंगनात एकच मानूस छातीठोक बोल्ला, का मुखरू नाई. आमाले साऱ्यायले शंका होती. त्याले नोती. कारन त्याले ठावूक होतं."

पिंपळाखाली शेळ्या चरत होत्या. इस्तारी वडिलांकडं पाहत राहिला.

"बाबा, तुमी?"

सोमाजींनी डोक्यावरचं उपरणं काढून मांडीवर घेतलं.

"तुही माय, भागीरथा. तिच्या डोक्यावर बी बसला होता. तू लहान होतास. ते मले म्हने, माह्या माहेरी निरोप धाडा. पाया पडली. मी हासलो. नुसता हासलो नाई, चार लोकायले सांगून हासलो, का पाहा, अजून हे कावळ्याले भेते. आठ दिवसांत तापानं गेली. डाक्टर म्हने, ताप मेंदूत गेला. तापानंच गेली, मले ठावूक हाये ना. कावळ्यानं मानूस मरत नाई. आजबी सांगतो, उद्याबी विहारात उभा राहून सांगन." त्यांचा आवाज चिरकला. "पन तो कावळा तुह्या डोक्यावर पाहिला अन् माह्या पायातलं बळच गेलं. विश्वास नोता, वामनभाऊ. कसम सांगतो, नोता. पन पोराच्या जीवावर परीक्षा कोन पाहीन?"

वामनरावांना स्वतःची पोरं आठवली.

"मले वाटलं, रुखमा एक रात रडन, बुधवारी तिले सांगून टाकू. सांगतलं बी. जावाई तिकडं कोठीवर सांगाले गेला, हे मले काय ठावूक? रुखमा वापस गेली, तवा जावाई तिले म्हने, आता इस्तारी सोताच कोठीवर जित्ता उभा राहीन, मरन खोटं होतं हे आपन कोन्या तोंडानं सांगाव? अन् त्याचं काम दुसऱ्याले देतेत हे कोनाच्या मनात येईन? आपल्या मंडळात नट मेला त नाटकच उभं राहत नाई. त्याचा पार्ट त्या साली कोनी करत नाई."

हे मात्र खरं होतं. झाडीत, म्हणजे या मुलखातल्या नाटकमंडळांत, असंच चालत आलं होतं.

इस्तारी उठला. एक फेरी मारून आला. त्याचा राग कुठं टेकावा, हे त्याला कळत नव्हतं. मुखरू गुन्हेगार निघाला असता, तर दिवाणजी त्याचा होता. आता खरं सांगितलं तर काम जाणार, आणि बापाची नालस्ती मुंबईपासून मूलपर्यंत होणार. सांगितलं नाही तर मुखरूचंही जाणार.

"सोमवारी साहेबाशी मी बोलतो," तो शेवटी म्हणाला. "बाबा, तुमी याचं नाई."

७

सोमवारी सकाळच्या मोटारीत इस्तारी आणि मुखरू पुढं बसले. दोघं एकमेकांशी बोलत नव्हते. वामनराव मागच्या बाकावर होते. मोटार हलताना सोमाजी धुतलेला पांढरा सदरा घालून चढले आणि त्यांच्याशेजारी बसले.

कोठीच्या अंगणात सगळे जमले. इस्तारी दिग्दर्शकापुढं उभा राहिला. सोमाजी आणि वामनराव फाटकाशीच थांबले होते.

"साहेब," इस्तारी म्हणाला, आणि त्याचा आवाज ऐकून वामनराव चमकले. तो इस्तारीचा आवाजच नव्हता. खांदे पडले होते, गुडघे जवळ आले होते, नजर सारखी आभाळात. "मुखरूचा काई दोष नाई जी. निरोप म्याच धाडला. माह्या डोक्यावर कावळा बसला होता. मी लई भित्रा मानूस, साहेब. कावळा बसला का मरन येते आमच्या इकडं. मी ट्रकवाल्याच्या पाया पडलो, म्हटलं, बहिनीले सांग मी मेलो म्हनून. ते रडली का मी वाचतो..."

बोलता बोलता त्यानं दोन्ही हात डोक्यावर धरले. कोठीच्या कौलावर खरोखरच एक कावळा ओरडला. इस्तारी असा दचकला की आधी रंगवाली बाई हसली, मग दिवेवाले, मग सगळं अंगण. इस्तारी केविलवाणा होऊन तेही सोसत राहिला. वामनरावांनी त्याला राजे-महाराजे करताना पाहिलं होतं, पण इतकं चोख काम कधी पाहिलं नव्हतं.

दिग्दर्शकही हसला. "म्हणजे तुम्हीच स्वतःला मारलंत! कमाल आहे. मुखरू, माफ करा. जा, कपडे चढवा."

मुखरू जागचा हलला नाही. आणि सोमाजी चालू लागले. वामनरावांनी त्यांची बाही धरली, ती त्यांनी सोडवून घेतली आणि ते अंगणाच्या मधोमध जाऊन उभे राहिले.

"जयभीम साहेब. मी याचा बाप. हा खोटं बोलून राह्यला. निरोप म्या धाडला. कावळ्याले हा नाई भेला, मी भेलो. मी गावात विहाराचा अध्यक्ष हावो, लोकायले सांगत असतो असलं काई मानू नका म्हनून. अन् म्याच हे केलं. हसाचं त मले हसा."

कुणी हसलं नाही. दिग्दर्शकानं टोपी काढून हातात घेतली. तो सोमाजींकडं पाहत राहिला, मग इस्तारीकडं.

"मग आत्ता जे केलंत ते काय होतं, बांबोळे?"

"नाटक," इस्तारी म्हणाला. आता आवाज त्याचा होता.

दिग्दर्शकानं टोपी पुन्हा डोक्यावर घातली. मग म्हणाला, "मी शब्द दिलाय. काम मुखरूचं."

"हो जी. त्याचंच."

तिघं बाहेर आले. मागं मुखरूच्या रडण्याचा आवाज येत होता, आणि कुणीतरी त्याला रंग ओला होईल म्हणून दरडावत होतं. रस्त्याला लागल्यावर इस्तारी थांबला आणि वडिलांवर भडकला. गुरुवारपासूनचा सगळा राग त्याच्या तोंडी आला.

"काऊन बोल्ले तुमी? म्या सांभाळलं होतं ना सारं! मुखरूचं काम राहिलं होतं, तुमचं नाव राहिलं होतं. माहं काम तसंबी गेलंच होतं. आता मूलपर्यंत सारे हासतीन तुमाले. काय भेटलं बोलून?"

सोमाजींनी उपरण्यानं तोंड पुसलं.

"तू मेला, हे एक खोटं म्या साऱ्यायले सांगतलं," ते म्हणाले. "आता तू भित्रा हायेस, हे दुसरं म्या उभ्यानं आयकून घेऊ काय?"

इस्तारी भर रस्त्यात, लोकांच्या देखत, बापाच्या खांद्यावर डोकं ठेवून रडला, आणि सोमाजी त्याच्या केसांतून हात फिरवत उभे राहिले. वामनराव पुढं होऊन मूलची मोटार कुठं लागते ते विचारायला गेले.